बाबा-काकांना बांधलेले एप्रन

पुरुषाच्या हाताला पीठ लागलं की घराची बरकत जाते. काहून, ते विचारायचं न्हाई! आमच्या वसमतच्या घरातला हा नियम बाबा आणि काकांनी विमानातून थेट व्हिएतनामला नेला.

सहलीत एक दिवस स्वयंपाकाचा वर्ग होता. शिकवणाऱ्या बाईंनी दोघांनाही एप्रन बांधले. तांदळाचा पातळ पापड भिजवायचा, त्यात भाजी गुंडाळायची आणि आपला रोल आपणच खायचा. दोघं नवरदेवासारखे बसून राहिले. आईनं पहिला घास तोंडाजवळ नेला, तोच काका म्हणाले, "वहिनी, आधी आमचे करून द्या."

आईनं रोल खाली ठेवला. मी तो परत तिच्या हातात दिला.

"न्हाई काका. ती आधी खाणार."

"मग आमी उपाशी राहायचं व्हय?"

"राहा की. तुमची जेवणं होईस्तोवर ती रोजच राहते."

बाबांनी काकांकडे पाहिलं, काकांनी पापडाकडे.