देसले गुरुजींची जन्मवेळ

दुपारी तीन वाजता मुरबाडच्या एका सरकारी कचेरीत सुनावणी होती. मुख्याध्यापकाची जागा एक आणि दावेदार दोन, शेणव्याचे भोईर गुरुजी आणि टोकावड्याचे देसले गुरुजी. दोघे एकाच दिवशी नोकरीला लागलेले, म्हणून वयाने मोठा तो ज्येष्ठ. पण जन्मतारीखही एकच!

भोईर म्हणाले, "साहेब, शाळेत घालताना मास्तर सगळ्यांनाच एक जून लावायचे. खरी तारीख कोनाला म्हाईत नाय."

साहेब म्हणाले, "देसले सकाळी जन्मले, तुम्ही संध्याकाळी. देसले ज्येष्ठ."

मी मागून ओरडलो, "वेळ सांगितली कुणी?"

"पत्रकारांनी बाहेर थांबावं."

बाहेर मी देसल्यांनाच गाठलं.

"मला काय इचारता? माझी वेळ आयेलाबी ठावं नाय."

मग साहेबांना ती कुठून कळली, हे आजवर कुणीही सांगितलेलं नाही.