गावच्या जावयाला टोल माफ

नाही नाही, उठू नका केरबाराव — त्या कदेलाचा एक पाय आखूड आहे, उठलात की ते कलंडतं, बसून राहिलात तर वर्षभर काही होत नाही — बसा. चहा येतोय. तर तुम्ही म्हणताय, आमची रूपाली तुमच्या दीपकला पसंत आहे. असणारच! टोलनाक्यावर पावत्या फाडणारी मुलगी कुणाला पसंत नसते? हसताय? अहो, पेडण्याच्या ह्या टोकाला सोयरीक आणायची म्हणजे पूर्वी मध्यस्थाच्या चपला झिजायच्या. मुली पिकायच्या घरात. आणि आता? गडहिंग्लजहून येतात, कागलहून येतात, तुम्ही आजऱ्याहून आलात — आणि मुलीला भाकरी थापता येते का, हे कुणी विचारत नाही. विचारतात काय, तर मुलगी ह्याच गावची ना, नक्की ना, देवळात मान आहे ना? आहे, म्हटलं. मग काय, मुलगी न बघताच पसंत. टोल झाल्यापासून आमच्या वाड्यावर एक मुलगी बिनलग्नाची उरली नाही. आमची सोडून.

इथलीच मुलगी का म्हणजे? तुम्हाला ठाऊक नाही? बरं, नाही तर नाही, मी सांगतो. हा रस्ता झाला ना — वास्कोच्या बंदरातून निघतो तो आंबोली चढून थेट निपाणीला मोठ्या हायवेला लागतो — तो आमच्या गावाच्या बरोबर मधून काढला. देऊळ आणि घरं ह्या अंगाला, काजूची भाटं त्या अंगाला, आणि मध्ये नाका. जयरामनं स्वतःच्या भाटातले काजू पिकअपमध्ये घालून स्वतःच्या अंगणात आणायचे, तर टोल! आम्ही पणजीला जाऊन आलो, तिथल्या साहेबांनी पंख्याखाली बसवलं, लिंबूसोडा दिला आणि परत पाठवलं. मग नाक्याचं उद्घाटन आलं. कंपनीचा साहेब भला माणूस, म्हणाला, गावच्या देवाचं काय ते करून घ्या, विघ्न नको. म्हटलं, गाऱ्हाणं घालू. तुमच्याकडे नसतं? नारळ ठेवायचा, गावच्या वतीनं देवाला सांगायचं — एकानं सांगायचं, बाकीच्यांनी दर वाक्याला ‘व्हय म्हाराजा’ म्हणायचं, की ते सगळ्यांना लागू झालं. सांगायचा मान आमच्या घराचा. साहेबाला पुढे उभा केला, समजावलं — मी थांबलो की तुम्ही मोठ्यानं म्हणायचं, जेवढं मोठ्यानं तेवढा देव खूश.

तर मी घातलं — बा देवा रवळनाथा, ह्या कंपनीन तुझ्या येशीर नाको उभो केलो हा, तेका राखण दी — व्हय म्हाराजा! आल्यागेल्या गाडयेक सुखरूप पाववन दी — व्हय म्हाराजा! आणि ह्या गावाची लेकरां, लेकी, सुनो, जावय, जे गावात आसत, जे मुंबयत आसत, तेंच्या गाडयेक जो कोण दांडो आडवो घालीत, तेका तू बघून घे — व्हय म्हाराजा!! सगळ्यांत मोठा आवाज साहेबाचा. टाय लावलेली, हात जोडलेले, डोळे मिटलेले. आम्हाला हसू आवरेना, पण देवापुढे हसायचं कसं?

दुसऱ्या दिवशी जयरामच्या पिकअपला अडवलं, दांडा खाली आला, आणि तो असा अडकला की वर जाईना, खाली जाईना. वास्कोपासूनच्या ट्रकांची रांग लागली. देवानं केलं की उंदरानं वायर कुरतडली ते मला विचारू नका. साहेबानं मात्र मला विचारलं. मी म्हटलं, साहेब, मी काहीच केलं नाही, व्हय तुम्हीच म्हणालात. तेव्हापासून गावच्या गाडीला दांडा नाही. नाक्यावर पोरं सगळी आमचीच, ती गावचा कोण ते ओळखतात. आणि जावई तर गाऱ्हाण्यातच घातलेला! मग ट्रकवाल्यांना काय, तेवढंच ऐकू आलं. ज्याच्याकडे ट्रक, तो आमच्या गावात मुलगी शोधतो. बाबलीची मुलगी, वत्सलाची नात, एकाच घरात दोन बहिणी — वराती ट्रकातूनच निघाल्या.

आणि आमची थोरली, पूजा. ती पण. ओंकारचे ट्रक आहेत, गडहिंग्लजला. देखणा जावई, पाया पडला, मला शाल घातली. आता दर आठवड्याला त्याचे ट्रक खालून जातात. नाक्यावर हॉर्न मारतात — सासऱ्याला म्हणून मारतात, मान ठेवतात, नाही असं नाही. मी हे जनेल उघडून खाली बघत उभा राहतो. पुढच्या सीटवर क्लीनर असतो. ती नसते. माल वेळेवर पोचायचा असतो ना, थांबणार कोण? चवथीला आली नाही. म्हटलं, अगो, ट्रक येतोच आहे, बसून ये. तर म्हणाली, बाबा, ट्रक थांबत नाही तिथे. हे मी तुम्हाला का सांगतोय? चहा आला की काय — नाही, मांजर आहे.

तर सांगायचं ते असं, केरबाराव. सोमवारपासून ते सगळं बंद. होय, बंद. नवी कंपनी आली, ती गाऱ्हाणं मानत नाही. गावकरी असो, जावई असो, सरसकट टोल. तेव्हा आता नीट विचार करा, घरी जाऊन विचार करा, घाई नाही. आमचं काही म्हणणं नाही, माणसाला धंदा बघावा लागतो —

काय?

ट्रक नाहीत? एकसुद्धा नाही? जीप तरी? मग आलात कशातून? बस! आजऱ्याहून सावंतवाडी, तिथून बांद्याला उतरून गोव्याची कदंबा — ह्या वयात? अहो मग तुम्हाला आमची मुलगी कशाला हवी? दीपक करतो काय? डिचोलीला फॅक्टरीत फिटर, मुळगावात खोली, आणि नाक्यावर काय… थांबा. तो लांब पायांचा? कमरेला पान्यांची पिशवी बांधून दांडा दुरुस्त करायला येतो तो? तो तुमचा मुलगा? अहो, तो तर सारखा येतो. दर पंधरवड्याला दांडा मोडतो आणि तो येतो. मी तर सगळ्या गावाला सांगत फिरतो, बघा, रवळनाथ अजून जागा आहे, देव अजून दांडा मोडतो — आणि दर वेळी मोडतो तो रूपालीच्याच खिडकीपुढचा —

गे रूपाली! हंय ये. ये म्हटलं, दाराआड उभी राहू नको, पाय दिसतायत तुझे. दांडो देवान मोडलो काय तुया मोडलंस? … बघा, बघा कशी मान खाली घालते. पहिल्या दिवशीचा? तो नव्हे? तेवढा तरी देवाचा. आणि मी नारळ फोडले हो दर वेळी! गावानं प्रसाद खाल्ला!

नाही, रागावलो नाही. ते सोमवारचं? खोटं होतं ते. नवी कंपनीबिंपनी काही नाही. तुम्ही उठून जावं म्हणून बोललो. दुसरी पण गेली तर ह्या घरात मी आणि हे मांजर, मला नको होतं ते, झालं — सांगितलं. मुळगाव लांब नाही म्हणता? आयतवारी येतील? दोघं, बसनं? बसनं म्हणजे खालच्या स्टॉपवर उतरावंच लागेल. उतरल्यावर मग इथे वर यावंच लागेल, दुसरीकडे जाणार कुठे? हूं.

आता पुरे हो. किती बोलता तुम्ही केरबाराव! आल्यापासून बघतोय, माणसाला मध्ये शब्द टाकू देत नाही. गप्प बसा जरा — चहा आणलाय तिनं, तो घ्या, आणि मला माझ्या चेडवाकडे बघू दे.