उरलेली दोन घरं

हसू नका, पण मी लातुरात पोरांना चक्रवाढ व्याज शिकवतो. तरी हप्ता तीन हजारांनी कमी होतोय म्हणून गृहकर्ज वीसऐवजी तीस वर्षांचं केलं अन् तोऱ्यात सगळ्यांना सांगत फिरलो.

वास्तुशांतीला चाकूरची आत्या आली. ती तिथं बचतगट चालवते.

"कर्ज किती काढलं रं?"

"तीस लाख."

"अन् हप्ता?"

"तेवीस हजार. तीस वर्षं."

तिनं बोटांवर हिशोब केला. पाहुण्यांसोबत स्वयंपाकघर, गच्ची, समदं पाहून घेतलं. मग सगळ्यांदेखत म्हणाली, "त्र्याऐंशी लाख, म्हंजे तीन घरांचे पैसे भरायलास. हे एक झालं. आता उरलेली दोन दाखव."

दारावरच्या पाटीत माझ्या नावाखाली 'गणित शिक्षक' लिहिलं होतं. आत्या निघाली तेव्हा मी त्या पाटीला पाठ लावून उभा राहिलो.