पहिली धडक फुकट

…बस की, उभी काय राहिलीस? ह्या खोलीत बायका बसत नाहीत, पण बर्ट टॅटरसॉलच्या पोरीला कोण उठवतंय बघतोच मी. हनुवटी अगदी बापाची — दारातच ओळखली. मंगळवारी पुरलं ना त्याला? पेपरात वाचलं. आलो नाही. कुठल्या तोंडानं येणार? — बापाच्या पायाबद्दल विचारायचंय ना? विचार. ह्या माझ्या गुत्त्यात येणारा जो तो तेच विचारतो, आणि मी सगळ्यांना एकच सांगतो.

हे बघ, अकरा वर्षं मी हॅलरटनच्या फुटबॉल संघाचा डावा बचावपटू. समोरच्या विंगरला, म्हणजे कडेनं चेंडू घेऊन धावणाऱ्याला, अडवायचं, एवढंच माझं काम. आणि तेव्हा रिवाजच होता — पहिली धडक फुकट. पहिल्या पाच मिनिटांत त्याला आडवा करायचा, रेफरी बोट नाचवून ‘पुन्हा नको हं’ म्हणायचा, बस्स. बुटाच्या तळाला खिळ्यांनी ठोकलेले चामड्याचे गट्टू असायचे — एखादा खिळा वर आला तर मी काही हातोडी शोधत बसायचो नाही. हा व्रण बघ — एकाचे दात रुतलेत कोपरात. माझं नाक तीनदा मोडलं. कुणी रडलं का? कुणी नाही.

त्या सामन्यात समोरचा विंगर तुझा बाप; त्याला चौथ्या मिनिटाला घेतला. घोटा गेला. बादली आणि थंडगार स्पंज, औषध तेवढंच. आणि बदली खेळाडू नसायचा तेव्हा — जखमीला कडेला उभा करायचे, नुसता संख्येला. अशा लंगड्याला हात लावायचा नाही — हा दुसरा रिवाज. लिहिलेला कुठे नाही, पण होता. आमचा मॅनेजर ओरडलाच, “विल्फ, सोड त्याला, मेलाय तो!” सोडला. सव्वा तास तो रेषेवर आणि मी त्याच्याकडे पाठ करून. एका गल्लीतले आम्ही — मध्येच विचारतो कसा, “विल्फ, आई बरी आहे का रे?” असा माणूस!

मग तो गोल. चेंडू माझ्या मागे पडला आणि त्या लंगड्यानं, त्याच सुजलेल्या पायानं, आत ढकलला. वीस हजार माणूस हसलं — आमचंच माणूस! “विल्फ, लंगड्यानं चकवलं की रे तुला!” संपायला दोन मिनिटं होती. झालं. पाय पहिल्याच धडकेत मोडला होता, खेळात होतं असं —

काय? मोडक्या पायानं गोल कसा मारला?

…अशी बघू नकोस.

होती. दुसरी धडक होती. चेंडू पार पलीकडे, रेफरीची पाठ. तो एका पायावर उभा, हसत — मला नव्हे गं, नुसताच, गोल झाला म्हणून. मी धावत आलो. बारा पावलं. अजून मोजतो मी ती. दोन्ही पायांनी, घोट्याच्या वर. हाड कातडी फाडून बाहेर आलं, पांढरं. आणि ऐक, आता ऐकच — मला बरं वाटलं. क्षणभर फार बरं वाटलं.

चौकशी झाली. मी बाहेर बाकावर, जन्माची बंदी येणार म्हणून बसलेलो. आणि हा पठ्ठ्या आत सांगतो, “चौथ्या मिनिटालाच मोडला होता, साहेब.” तो पुन्हा खेळला नाही. मी पुढे सहा वर्षं खेळलो. का म्हणाला तो तसं? घरी बोलला असेल ना? शिव्या दिल्या असतील, असू देत — चालतील मला. काय म्हणायचा माझ्याबद्दल?

…काहीच नाही?

नावसुद्धा नाही? मंगळवारी दफनाला कुणीतरी सांगितलं तेव्हाच ऐकलंस? वीस वर्षांत एकदाही —

ऊठ. दुपारचे तीन वाजले, गुत्ता बंद करायचाय. पेला राहू दे तिथंच. ऊठ म्हणतो ना!