दुपारी दोनची शिकवणी

ओट्यावर उपड्या घातलेल्या पातेल्यावर फोन थरथरला आणि सगळं स्वयंपाकघर खणखणलं. निर्मळ गावातल्या त्या बैठ्या घरात नुकतीच कुठे सामसूम झाली होती. पाच वर्षांची स्टेफी आतल्या खोलीत झोपली होती. प्रिस्काने ओले हात गाऊनला पुसले. दुपारचे दोन, म्हणजे चंदनसारहून सुमेधाच.

हॅलो?… हो, बोल ना… झोपलीय गं, म्हणून हळू बोलतेय… जेवले. तू?…

नको, आज वही नको काढूस… हो, उद्या हॉस्पिटलच्या नोकरीची दुसरी फेरी आहे, पण… अगं ऐक ना… सबनेट? येतं मला… बरं बाई, म्हणून दाखवते. एका आळीतली घरं एकमेकांना थेट हाक मारतात. आळीबाहेर निरोप धाडायचा तर नाक्यावरच्या राउटरच्या हातून जायचा. झालं?… हसतेस काय, बरोबर आहे ना?

आता मी बोलू? मला तुला दोन गोष्टी सांगायच्यात. पहिली सोपी आहे… आठ महिने झाले, सुमेधा. स्टेफीला न्यूमोनिया झाला नि माझा विरारचा नेटवर्किंगचा क्लास सुटला, तेव्हा मी वह्या माळ्यावर टाकायला निघाले होते… नाही, बोलू दे. तू रोज दुपारी फोन करून सरांनी शिकवलेलं पुन्हा मला शिकवलंस. तुला काय पडली होती?… उजळणी होते म्हणे. एवढी उजळणी कोण करतं?…

आठवतंय? मला पॅकेट म्हणजे काय ते डोक्यात शिरेना. तू विचारलंस, सासूबाई मोगरा दादरला कसा पाठवतात? मी म्हटलं, तीन पुडे, तीन बायकांबरोबर, प्रत्येकावर नाव नि नंबर. दोन नंबरचा पोचला नाही तर व्यापारी फोन करतो, तेवढाच परत पाठवा. तू म्हणालीस, मग मी वेगळं काय शिकवू… हो, आता सासूबाई आळीभर सांगत फिरतात, आम्ही पिढ्यान्‌पिढ्या पॅकेटंच पाठवतो म्हणून…

रडत नाहीये. सर्दी झालीय.

बुधवारचं सांगते. हॉस्पिटलात पहिल्या फेरीला तू प्रॅक्टिकल करून बाहेर आलीस नि मी आत गेले, ते. तुला सांगितलंच नाही मी, लाज वाटली… तीन कॉम्प्युटर, मध्ये त्यांना जोडणारा स्विच, तिघांना पत्ते द्यायचे नि हाक मारून ओ येते का बघायचं… हो, पिंग. पहिले दोन बोलले. तिसरा काही केल्या बोलेना. केबल काढली, लावली, पुन्हा काढली. मुलाखत घेणारे तिघे सर समोर बसून बघतायत. घाम फुटला मला… नाही, केबल चांगली होती. मी दुसऱ्याला नि तिसऱ्याला एकच पत्ता दिला होता… हो, शेवटचा आकडासुद्धा तोच. कोपऱ्यात सूचना येऊन गेली असणार, माझं लक्ष कुठे होतं?

आणि तोंडातून निघून गेलं, 'बाई गं, दोन गॅब्रिएल.' मधले सर म्हणाले, 'काय?' मग सांगावंच लागलं. आमच्या आळीत दोन गॅब्रिएल, आडनावही एकच. एक विहिरीवरचा, एक वळणावरचा. वळणावरच्याने टँकर मागवला नि नुसतं 'गॅब्रिएलकडे' म्हणाला. टँकरवाला गेला विहिरीवर, आणि ज्याच्या दारात विहीर त्याची टाकी भरून आला… हो गं, खरंच झालंय हे, दोघं अजून बोलत नाहीत. मी म्हटलं, सर, एका आळीत एक पत्ता दोघांना देऊन चालत नाही, चूक माझी आहे. नि बदलला. ओ आली.

ही पहिली गोष्ट झाली… दुसरी… थांब जरा.

सकाळी हॉस्पिटलातून फोन होता. दुसरी फेरी नाहीये, सुमेधा. त्यांचं ठरलंय… मला घेतायत… हो, जागा एकच होती…

हॅलो?… आहेस ना?…

हो… थँक्यू… मनापासून म्हणतेयस ते कळतंय मला, म्हणून तर… अगं ऐक. पाच वाजेपर्यंत हो की नाही कळवायचंय. मी त्यांना सांगते, सुमेधाला घ्या… का नाही? तुझं सगळं पहिल्या फटक्यात झालं, तूच सांगितलंस. तुझी एक चूक नाही. चुकले मी. आणि मला जे येतं ते तुझ्याच ताटातलं आहे…

ओरडू नकोस, ती उठेल… नाही, दया नाही करत… उपकार फेडायलाही नाही म्हणत गं. फिटणार आहेत का ते?… मग कशाला म्हणतेय? मला नाही सांगता येत…

शपथ कशाला घालतेस… बरं. बरं, नाही सांगत. हो म्हणते… पाचच्या आत. आत्ता लगेच… हो, सासूबाई सांभाळतील तिला, तेवढं बोलणं झालंय.

तू काय करणार?… कुठे अर्ज टाकलायस?… मग दुपारी दोनला आता मी फोन करणार. तिथे जे शिकेन ते त्याच दिवशी तुला… नाही म्हणायचं नाही. आठ महिने मी नाही म्हटलं का?…

तू ठेव आधी… तू… बरं, मी ठेवते.

प्रिस्काने फोन ठेवला. मागे आतल्या दाराला टेकून, पांघरुणाचं टोक हातात धरून स्टेफी उभी होती. कधीपासून, कोण जाणे.

"मम्मी, मावशी एकदापन नाही चुकली ना? मग तिला का नाही घेतलं?"