वर गेलेला हात

आमच्या दत्ताला तुम्ही टीव्हीवर कबड्डी खेळताना पाहिलं असेल. गुडघा गेला तसा तो राहुरीला परत आला, रोपवाटिका काढली, आणि आज तीन तालुके त्याचीच रोपं लावतात.

परवा त्याच्याकडे चहाला बसलो होतो, तेवढ्यात नेवाशाचे एक म्हातारबाबा आले आणि त्यांनी पिशवी टेबलावरच ओतली.

"ढोबळी मिरचीची रोपं नेल्ती मी. बघा काय आलंय!"

टेबलभर लवंगी मिरची.

मॅनेजर म्हणाला, "रोपं आमचीच कशावरून? पावती दाखवा."

पावती नव्हती. दत्तानं एक मिरची निरखून पाहिली आणि एकदम उजवा हात सरळ वर केला. सहा फुटी गडी! बाबा दोन पावलं मागं सरकले.

"अवो, मारता का काय?"

"न्हाई काका, औट झालो. ही जात आमचीच हाय, रोपांचे ट्रे आमच्याकडनंच बदलले. नवी रोपं, लावणीची मजुरी, समदं माझ्याकडं."

बाबा गेल्यावर मी म्हटलं, "पंचाला दिसलं नसलं तरी आपणहून हात वर करायचा, हे मैदानावर ठीक आहे रे. धंद्यात कशाला?"

"मैदानावर तरी कुठं केला? आपल्या कॉलेजच्या फायनलला चढाईला आलेल्या गड्याचा हात मला लागल्ता. पंचानं बघितलं न्हाई, आन् आपण जिंकलो."

"मग तेव्हा का नाही केलास वर?"

दत्ता टेबलावरच्या मिरच्या गोळा करू लागला.

"करत हुतो की. पण साखळीत माझा हात तुझ्या हातात हुता. तू सोडला न्हाईस."