शेवटच्या रांगेपर्यंत

सातारा स्टँडवर सांगलीची गाडी तासभर लेट होती. बाकावर माझ्या शेजारी वाईच्या शरयूआजी, त्यांची नात श्रद्धा आणि वडूजचे एक माजी सैनिक. माझं वर्तमानपत्र उघडं होतं, कान त्याहून उघडे.

"आजी, तुझ्या त्या जुन्याच एकांकिकेत सासू हवीय आम्हाला. हो म्हण ना."

"नको गं. तीच टीव्हीवर झाली तेव्हा मी सून होते आणि वाट लावली होती. माईक हातभर अंतरावर, आणि मी नाट्यगृहातल्यासारखी शेवटच्या रांगेसाठी ओरडत होते. पुन्हा बोलावलंच नाही कुणी."

"ताई, कंची वो ती? सून विहिरीवर सासूला घागर परत देती, ती?"

"तुम्ही पाहिलीत?"

"चौऱ्याहत्तर साली, पुण्यात. आमच्या युनिटात एक टीव्ही आन दीडशे जवान. मी पार मागं, दाराबाहेर हुबा."

"म्हणजे माझं ओरडणं ऐकलंत."

"आवं, तुमचंच तेवढं ऐकू आलं! बाकीचे समदे नुसती तोंडं हालवत हुते. 'घागर तुमची, पाणी माझं' म्हनलासा, आन दारापातूर टाळ्या!"

"खरं सांगताय?"

"खोटं कशाला बोलू? फकस्त तवा लय बारीक हुतासा."

"श्रद्धा, तालीम किती वाजता गं?"

"पाचला! आणि आजी, आता कॉलरलाच माईक लावतात, ओरडावं लागत नाही."

"माझा काढून ठेवा."